जिथं पांढरी धूळ पडली नाही

१

कमलम्माच्या मागावर अर्धा विणलेला पांढरा टॉवेल तसाच ताणलेला होता. त्यावर काजळीचे ठिपके पडले होते. बरोबर वर, छताच्या खाली, केबल ट्रे काळी पडली होती. लोखंडी शिडी आडवी टांगावी तशी ही ट्रे आणि तिच्या पायऱ्यांवर ओळीनं पसरलेल्या केबली. एका वळणावर त्यातल्या दोन केबलींचं वेष्टन वितळून पायरीला चिकटलं होतं.

"बघा," बसलिंगप्पा म्हणाले. "नवी ट्रे, नवी केबल. वर्ष झालं नाही अजून."

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतला हा चादरी-टॉवेलांचा कारखाना त्यांचा. परवा सकाळी पाळी चालू असताना आग लागली. ती लवकर विझली, पण मागावर विणत बसलेल्या कमलम्माचा हात भाजला आणि पूर्ण लूम शेड बंद पडली. आज विमा कंपनीनं आपली सर्व्हेअर पाठवली होती. राजेश्वरी मठपती हे तिचं नाव. ती भौतिकशास्त्र शिकलेली होती आणि कमी बोलायची. समोरच्याला वाटे, हिचं लक्ष नाही.

"हलकी केबल घातली त्या पोरीनं," बसलिंगप्पा पुढं म्हणाले. "आज संध्याकाळी मी इलेक्ट्रिकल इन्स्पेक्टरकडे तक्रार देणार. लायसन्स गेलं पाहिजे तिचं. माझ्या माणसाचा हात जळलाय."

'ती पोरगी' शेडच्या दारातच उभी होती. तिचं नाव सुकन्या. माळशिरस तालुक्यातल्या मेंढपाळ घरातून येऊन तिनं विजेच्या कामाचं सुपरवायझरचं लायसन्स मिळवलं होतं, आणि स्वतःच्या नावावर घेतलेलं हे तिचं पहिलंच मोठं काम होतं. 

राजेश्वरीनं केबलीचा जळका तुकडा हातात घेतला. आतलं तांबं पाहिलं, जाडी मोजली, वेष्टनावरची छापील अक्षरं वाचली.

"केबल चांगली आहे," ती म्हणाली. "मागितली होती तीच आहे."

"मग जळली कशी?"

"ते वर जाऊन बघते."

घडीची शिडी लावली गेली. राजेश्वरी ओढणी कमरेला खोचून वर चढली. विणकामाच्या शेडमध्ये हवा दमट ठेवावी लागते आणि कापसाची धूळ सतत उडत असते. ती ट्रेवर घोंगडीसारखी जमून बसली होती. वर पांढरी, खाली गडद तांबडी, मरून रंगाची. राजेश्वरीनं नजर जळक्या भागाकडे सरकवत नेली आणि ती थांबली.

जळलेल्या जागेच्या अलीकडे, जिथं काजळीसुद्धा पोचली नव्हती, तिथं पांढरी धूळ एकदम संपत होती. पट्टीनं आखावी तशी सरळ रेघ होती ती. पलीकडच्या बाजूलाही तशीच.

आगीला सरळ रेघ ओढता येत नाही.

२

"ट्रेला झाकण का दिलं नाही?" खाली उतरल्यावर राजेश्वरीनं सुकन्याला विचारलं.

"मुद्दाम नाही दिलं, मॅडम. केबलमधून करंट गेला की ती तापते. उघडी असली तर हवेनं निवते. झाकली तर उष्णतेला वाट राहत नाही, मग जास्त जाड केबल घ्यावी लागते. मालकांना तो खर्च नको होता, म्हणून मी उघडी शिडीची ट्रे धरली आणि केबलींमध्ये अंतर सोडलं."

"आणि धूळ?"

"पायऱ्यांमधून खाली पडते की. खाली गल्लीच होती. पडली तर झाडूनं गोळा करायची."

राजेश्वरीनं खाली पाहिलं. फरशीवर चालायच्या वाटेच्या दोन पिवळ्या रेघा रंगवलेल्या होत्या. दारापासून त्या सरळ आत येत होत्या आणि कमलम्माच्या मागाच्या पायाखाली जाऊन पुन्हा पलीकडे निघत होत्या.

"गल्ली होती म्हणालात."

"मी काम संपवून गेले तेव्हा होती. कालच आले तर माग इथं." सुकन्या ओठ चावून थांबली. मग हळू म्हणाली, "मॅडम, गावात माझ्या आजीनं घरोघर सांगितलंय, पोरगी कारखान्याला लाईट देते म्हणून. लायसन्स गेलं तर मला परत हे काम कुणी देणार नाही. बाईनं केलेली ट्रे पेटली, एवढंच लक्षात राहील सगळ्यांच्या."

"तुम्ही केबली कशानं बांधता?"

"प्लॅस्टिकच्या पट्ट्यांनी. का?"

राजेश्वरीनं मूठ उघडली. तिच्या तळहातावर दोऱ्याचे दोन आखूड तुकडे होते. ट्रेच्या पायरीला खालून बांधलेले तिनं सोडवून आणले होते. प्रत्येकाला एक बारीक, घट्ट गाठ होती. दोऱ्याचं मोकळं टोक ब्लेडनं कापल्यासारखं स्वच्छ होतं.

"हे तुमचं आहे?"

सुकन्यानं मान हलवली. "सुतानं केबल कोण बांधतंय?"

३

कारखान्याचा वायरमन जोतिराम सांगोल्याकडचा. तो पॅनेलपाशी हाताची घडी घालून उभा होता.

"मला इचारताय? मी पयल्यापासून म्हणत होतो, हे काम मला द्या. मालकांनी न्हाय दिलं. आता बसा वास घेत."

"शिडी तुमच्या ताब्यात असते ना?"

"व्हय. कुलूप माझंच."

"आग लागायच्या आधी काही जाणवलं होतं?"

"ब्रेकर दोनदा पडला. उन्हाळा हाय, वाटलं त्यानं पडला आसल. म्हणलं वर चढून बघावं. तर मास्तर म्हणले, आता नगं, खाली पांढरा माल चाललाय, धूळ पडंल."

"मग चढलात?"

"मी ट्रेवर चढलोच न्हाय," जोतिराम म्हणाला आणि पॅनेलचं दार उगाच उघडून लावलं.

विचारलं तेवढंच सांगितलं यानं, राजेश्वरीच्या मनात आलं. तिनं त्याच्या खिशाकडे पाहिलं. प्लॅस्टिकच्या पट्ट्यांचा जुडगा बाहेर डोकावत होता.

मास्तर म्हणजे शिवयोगी. शेडमधल्या सगळ्या मागांची जबाबदारी त्यांची. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, आवाज खालचा. अक्कलकोटच्या बाजूचे, लहानपणी हातमागावर बसलेले. त्यांनी खुर्ची पुसून राजेश्वरीसमोर ठेवली.

"जोतिरामला वर चढू दिलं नाही तुम्ही."

"नाही दिलं. बाहेरदेशीची ऑर्डर आहे, पांढरी. आधी मरून चादरी चालल्या होत्या. ती धूळ वर साचलेली आहे. तिचा एक तंतू टॉवेलवर पडला आणि विणला गेला तरी तुकडा बाद. विणकर डोळ्यांत तेल घालून बसतात, पडला तंतू की चिमट्यानं उचलतात."

"वरची धूळ झाडत का नाही?"

"वरची झाडलोट खंडेनवमीला, दसऱ्याच्या आदल्या दिवशी. त्या दिवशी शेड बंद असते, पूजा असते. एरवी झाडली तर सगळी मालावरच येणार की."

"पांढरा माल कधी सुरू झाला?"

"संक्रांतीची गड्ड्याची जत्रा उरकली आणि मग."

बोलता बोलता त्यांनी समोरच्या मागावरचे दोन तुटके दोरे उचलले. बोटं जराशी हलली आणि दोरे जोडले गेले. त्यांनी तिकडे पाहिलंसुद्धा नव्हतं. राजेश्वरीनं मात्र पाहिलं.

"कमलम्मा कशी बाई आहे?" तिनं विचारलं.

शिवयोगींचा हात दोऱ्यावरच राहिला.

"तिला कशाला त्रास देता, मॅडम?" ते म्हणाले. "ती भाजलेली आहे."

४

कमलम्मा शहराच्या पूर्व भागात राहायची. तिथं गल्लीत तेलुगू बोलणाऱ्या विणकरांची घरं एकमेकांना टेकून उभी होती. उंबऱ्याशी सून अक्षता मांडीवर सूप घेऊन बिड्या वळत होती. आत कमलम्मा चटईवर बसली होती. उजव्या हाताला पट्टी होती.

"कोण?" तिनं विचारलं. राजेश्वरी तिच्या समोरच उभी होती.

"विमा कंपनीकडून आल्यात, अत्तम्मा," सून म्हणाली.

"बसा की. चहा घेता? नको म्हणू नका, भाजलं मला, चुलीला नाही."

राजेश्वरी बसली. अक्षतानं हात धुऊन सासूची पट्टी बदलायला घेतली. जुनं कापड सुटलं. बोटांच्या आतल्या बाजूला आणि तळहातावर फोड होते. हाताची पाठ मात्र कोरी होती, एक डागही नव्हता तिच्यावर.

"कसं झालं?"

"काय होतंय. माग चालवत होते, वरून पेटतं काहीतरी पडलं हातावर."

"टॉवेल धरला होता का तुम्ही तेव्हा? हात पालथा होता?"

"पालथाच की. विणणाऱ्या बाईचा हात उताणा कधी असतो?" कमलम्मा हसली. मग तिचं हसू मावळलं. आपण काय बोललो, ते तिला उमगलं असावं.

राजेश्वरीनं विषय बदलला. पिशवीतून एक पांढरा टॉवेल काढून तिच्या मांडीवर ठेवला. "हा तुमच्याच मागाचा ना?"

टॉवेल देताना राजेश्वरीच्या बाहीवरची ट्रेवरची धूळ झडली आणि मरून तंतूंचा एक पुंजका त्यावर पडला. चांगला नखाएवढा. कमलम्मानं डाव्या हाताचं बोट कडेवरून फिरवलं.

"माझाच. काठ ओळखू येतो. बघा कसा आहे, एक डाग सापडायचा नाही."

अक्षतानं पुंजक्याकडे पाहिलं, मग राजेश्वरीकडे, आणि नजर पट्टीकडे वळवली.

चहा आला. तो पिऊन उठताना राजेश्वरी म्हणाली, "ट्रे बसवणाऱ्या मुलीचं लायसन्स बहुतेक जाईल. मालक आज संध्याकाळी तक्रार देणार आहेत."

"कुठल्या मुलीचं?"

"सुकन्या. ट्रे तिनं बसवली होती."

कमलम्माचा चेहरा बदलला. "पण मला तर सांगितलं, विम्याचं काम आहे, कुणाचं काही जात नाही."

"कुणी सांगितलं?"

कमलम्मानं तोंड भिंतीकडे फिरवलं. 

५

दुपार कलल्यावर राजेश्वरीनं चौघांना शेडमध्ये बोलावलं. बसलिंगप्पा स्टुलावर बसले. शिवयोगी, जोतिराम आणि सुकन्या उभे राहिले. बंद मागांमुळे शेड इतकी शांत होती की छतावर चालणाऱ्या कबुतरांच्या नख्या ऐकू येत होत्या.

राजेश्वरीनं चिकटपट्टीचे दोन तुकडे पुठ्ठ्यावर लावून आणले होते.

"ही इतर सगळ्या ट्रेवरची धूळ. खाली मरून, वर पांढरी. खंडेनवमीला शेड झाडली, मग मरून चादरी चालल्या, जत्रेनंतर पांढरे टॉवेल. ज्या क्रमानं माल चालला त्या क्रमानं धूळ बसली. आणि ही आगीच्या शेजारची. यात फक्त मरून आहे."

"आगीनंतर कुणी पुसली असेल," बसलिंगप्पा म्हणाले.

"पुसली असती तर मरूनही गेली असती. ती आहे, आणि इस्त्री केल्यासारखी दाबलेली आहे. तिच्यावर जाड विणीचा ठसा आहे. म्हणजे पांढरा माल सुरू झाला तेव्हा ट्रेचा तेवढाच भाग चादरीत गुंडाळला गेला. वरची मरून धूळ टॉवेलवर पडू नये म्हणून. चादर सुतानं पायऱ्यांना बांधली. आत केबली तापत राहिल्या. सोलापूरच्या उन्हाळ्यात आपण चादर लपेटून झोपावं, तसं झालं त्यांचं. वळणावर वेष्टन मऊ पडलं, लोखंडाला तांबं टेकलं आणि चादर पेटली."

जोतिरामनं घसा साफ केला. "चादर दिसली होती मला," तो म्हणाला. "ट्रेवर चढलो न्हाय हे खरं हाय. पर शिडी मी दिली. खालून बघितलं. म्हणलं कापडच हाय, काय व्हतंय." त्यानं सुकन्याकडे पाहिलं नाही. "माझ्या ध्यानात यायला पायजे होतं."

"शिडी कुणाला दिली?" बसलिंगप्पांनी विचारलं.

 राजेश्वरीनं दोऱ्याचे तुकडे पुठ्ठ्यावर ठेवले.

"हा खळ लावलेला ताण्याचा, म्हणजे मागावरच्या उभ्या सुताचा दोरा आहे. आणि ही गाठ तुटलेला ताणा जोडताना मारतात. जोतिराम आणि सुकन्या दोघंही प्लॅस्टिकची पट्टी वापरतात. गाठ विणकराची आहे. पण चालू माग सोडून विणकर शिडीवर चढू शकत नाही. शेडमध्ये विणकराची बोटं असलेला आणि हात मोकळे असलेला एकच माणूस आहे."

"मीच बांधली," शिवयोगी म्हणाले. आवाज नेहमीसारखाच खालचा होता. "आग विझल्यावर दोरे कापून राहिलेली चादर मीच काढली. रद्दी सुताच्या गठ्ठ्यात घालून पाठवून दिली."

"याक, शिवयोगी?" बसलिंगप्पांनी कानडीत विचारलं. का?

"माल खराब होऊ नये म्हणून."

"ते कळलं," बसलिंगप्पा म्हणाले. "पण ट्रे सगळ्या ओळीवरून जाते. बाकीचे विणकर पडलेला तंतू उचलतातच की. एकाच मागावर चादर का?"

हा प्रश्न निघू नये असं राजेश्वरीला वाटत होतं. उत्तर तिला माहीत होतं. तिनं पुठ्ठा खाली ठेवला आणि शिवयोगींकडे पाहिलं. शिवयोगी फरशीकडे पाहत होते.

"कारण मला दिसत नाही, मालक."

दारात कमलम्मा उभी होती. सुनेच्या खांद्यावर डावा हात ठेवून ती आत आली.

"वर्ष झालं. आधी धुकं आल्यासारखं, आता जास्त. ताणा बोटांना कळतो, तुटला की आवाजानं कळतो. रंग कळत नाही. पांढऱ्यावर लाल पडलेलं मला कसं दिसणार? कारखान्यात मास्तरला एकट्याला माहीत होतं. त्यानं मला सांभाळलं." ती क्षणभर थांबली. "चादरीचं टोक पेटून खाली लोंबलं तेव्हा धग लागली तोंडाला. मी धरून ओढलं. नाहीतर मागावर आलं असतं सगळं."

"दोन्ही तळहात भाजले नाहीत, हे नशीब," राजेश्वरी म्हणाली.

"ऑपरेशन का नाही केलंस?" बसलिंगप्पांनी विचारलं. "मोतीबिंदूच ना?"

"रजेवर गेले तर मागावर दुसरी बसेल. गेलेला माग या वयात कोण परत देतंय?" कमलम्मा आवाजाच्या दिशेनं वळली. "ती पोरगी कुठं आहे?"

"इथंच आहे, अम्मा," सुकन्या म्हणाली.

"तुझं जाणार आहे हे मला माहीत नव्हतं गं."

शिवयोगींनी मान वर केली. "ते मी सांगायला हवं होतं. अम्माला वाचवायला गेलो आणि हिला पुढं केलं." मग त्यांनी सुकन्यासमोर हात जोडले. सुकन्याला काय करावं कळेना. ती एक पाऊल मागं सरली.

"तुम्ही काय लिहिणार?" बसलिंगप्पांनी राजेश्वरीला विचारलं.

"दिसलं ते. ट्रेचं काम बरोबर होतं. ती गुंडाळली गेली म्हणून आग लागली. आणि ट्रे वाटेवरून जात होती." तिनं पायानं पिवळी रेघ दाखवली. "माग नंतर तिच्याखाली आले."

बसलिंगप्पांनी रेघेकडे पाहिलं. दारापासून मागाच्या पायापर्यंत, तिथून पलीकडे. जास्त माग बसावेत म्हणून ओळ त्यांनीच सरकवायला लावली होती. विम्याचे पैसे पूर्ण मिळणार नाहीत, हेही त्यांना कळलं असावं. 

"तक्रार देत नाही मी," शेवटी ते म्हणाले. "सुकन्या, तुझा पहिला नकाशा आहे ना अजून? ओळ परत मागं घेऊ."

"आणि माझ्या मागावर कुणाला बसवणार?" कमलम्मानं विचारलं.

"माग उखडायचा आहे तुझा. हलवायचा, परत बसवायचा. कुणालाच बसता येणार नाही तोवर." ते स्टुलावरून उठले. "तेवढ्यात डोळे करून घे. मास्तर, दवाखान्यात तुम्ही न्यायचं हिला. चादरी बांधायची हौस आहे ना."

६

शेड सुरू होण्याआधी शेवटची पाहणी करायला राजेश्वरी आली तेव्हा मागांची ओळ रेघांच्या बाहेर गेली होती आणि ट्रेच्या खाली नुसती वाट होती. सुकन्या शिडीवर उभी राहून नव्या केबलींमधलं अंतर बोटांनी पाहत होती. शिडी जोतिरामनं धरली होती.

"हालू नगं, बाई. पडलीस तर परत मलाच इचारतील शिडी कुणी दिली."

"तुम्ही खालून नुसतं बघा, दादा. बघायचं काम चांगलं जमतं तुम्हाला."

"लागलं की गं," जोतिराम म्हणाला, पण शिडी घट्ट धरून राहिला.

कमलम्मा आपल्या मागाशी होती. डोळ्यांवर दवाखान्याचा काळा चष्मा होता. हाताची नवी कातडी अजून गुलाबी होती. ती मान मागं टाकून ट्रेकडे पाहत होती.

"एवढी वर आहे होय ही?" ती म्हणाली. "मला वाटायचं, हात लांबवला की लागेल."

मग तिनं खाली पाहिलं आणि चष्मा कपाळावर सरकवला. राजेश्वरीनं आज पांढरी ओढणी घेतली होती. कमलम्मा दोन पावलं पुढं आली. राजेश्वरीच्या खांद्यावरून चिमटीत काहीतरी उचललं आणि उजेडात धरलं. केसाएवढा एक मरून तंतू होता.

"काय मॅडम," ती म्हणाली. "एवढं सगळं शोधलंत आणि हे दिसलं नाही?"